आईला जमीन लागू द्यायची नाही

"एव्हेलिओ, आईला तू बसनं घेऊन ये," क्रिसान्तो मास्तर म्हणाले आणि एव्हेलिओनं कापडात गुंडाळलेला ढोल छातीशी धरला.

आई म्हणजे तीन ढोलांतला थोरला, अंगावर घुंगरांची माळ घातलेला ढोल. धाकटे दोन ढोल कवटाळून मास्तर पुतण्याच्या मोटारसायकलच्या साइडकारमध्ये बसले होते, आणि तिथं आता लिंबू ठेवायलाही जागा उरली नव्हती. विजेचा आणि ढोलांचा देव चांगो, त्याचा उत्सव नदीपलीकडच्या टेकडीवर होता.

"जमिनीला टेकवायचा नाही. हात न धुतलेल्याला द्यायचा नाही. बायकांनी शिवायचा नाही."

"आणि मास्तर, दम लागला तर?"

"माझ्या पणज्याला बेड्या घालून आफ्रिकेतून आणलं. ढोल बरोबर घेऊ दिला नाही. सगळे ठेके छातीत धरून त्यानं समुद्र ओलांडला, जन्मभर ऊस तोडला आणि म्हातारपणी हा ढोल कोरला. तुला एक पूल ओलांडायचाय."

मोटारसायकल धूर सोडत निघून गेली.

हात धुणं हे साबणाचं काम नव्हतं. सरावाच्या ढोलावर दोन वर्षं घासल्यावर मास्तरांनी नुकतेच पाल्याच्या पाण्यानं, मंत्र म्हणून त्याचे हात धुतले होते. तेव्हापासून त्याला खरा ढोल शिवायची परवानगी होती, आणि तेव्हापासूनच त्याची झोप उडाली होती.

बस खचाखच भरलेली होती. कशीबशी जागा मिळाली, तर पुढच्याच थांब्यावर एक गरोदर बाई चढली. एव्हेलिओ ढोलासकट उठला.

"ओ ढोलवाले, ते ओझं खाली ठेवा," ड्रायव्हर ओरडला. "माणसं दारात लोंबकळतायत."

"खाली ठेवता येत नाही हो."

"मग तुम्ही खाली उतरा."

उतरला. पुलाच्या तोंडाशी पोलीस उभा होता.

"कापडात काय गुंडाळलंय? ओळखपत्र दाखवा."

"मागच्या खिशात आहे, साहेब. पण हात मोकळे नाहीत."

"द्या इकडं, मी धरतो."

"तुमचे हात धुतलेत का?" एव्हेलिओच्या तोंडून निघून गेलं.

पोलिसानं स्वतःचे हात उलटेपालटे करून पाहिले. "सकाळीच धुतलेत. का?"

एव्हेलिओनं चाचरत कापडाआड काय आहे ते सांगितलं. पोलिसाचा चेहरा उतरला. त्याची मावशी देवाचं करणारी होती. त्यानं टोपी काढून काखेत मारली आणि एव्हेलिओच्या मागे जाऊन खिशात हात घातला. खिसा तंग होता. एका हिसक्यात ओळखपत्र बाहेर आलं आणि पँटचं बटण तुटून थेट नदीत गेलं.

"माफ करा," पोलीस हात जोडून म्हणाला. एव्हेलिओला नव्हे, ढोलाला.

आता पँट घसरू लागली. एव्हेलिओ गुडघे आवळून, इंच इंच सरकत पूल चढला. पँट पायात आली की पाय अडकणार, पाय अडकला की ढोल आपटणार, आणि मग मास्तरांच्या पणज्याला तोंड कसं दाखवायचं? पावलागणिक घुंगरं वाजत होती आणि येणारेजाणारे वळून बघत होते. पुलाच्या मधोमध मागून आवाज आला.

"एव्हेलिओ."

तो गुडघे आवळूनच मागे वळला. त्या तेओफिलाबाई होत्या, पाणीखात्याच्या कचेरीतल्या त्याच्या वरिष्ठ. महिनाअखेरीला त्या कुणाला रजा देत नसत. सकाळीच त्यानं त्यांना घोगऱ्या आवाजात फोन करून ताप आल्याचं कळवलं होतं.

"बाई."

"ताप कसा आहे?"

"उतरतोय," एव्हेलिओ म्हणाला. ताप एकटाच उतरत नव्हता.

बाईंनी चष्म्यावरून पँटकडं पाहिलं. खांद्यावरची ओढणी काढली, ढोलाला धक्का न लावता ती त्याच्या कमरेभोवती फिरवली आणि करकचून गाठ मारली. तेव्हा कुठं त्याच्या लक्षात आलं, की बाई डोक्यापासून पायापर्यंत पांढऱ्या कपड्यांत आहेत आणि गळ्यात चांगोची तांबडीपांढरी माळ आहे.

"कचेरीच्या लेखी मी आज बैठकीला गेलेय," त्या म्हणाल्या.

"हो बाई."

दोघं टेकडीवरच्या उत्सवाच्या घरी पोचले, तरी मास्तरांचा पत्ता नव्हता. आले ते लंगडत. वळणावर साइडकार निखळली होती.

"आणि ढोल?" एव्हेलिओनं घाबरून विचारलं.

"माझ्या पोटावर पडले. जमिनीवर मी पडलो." मास्तरांनी थोरला ढोल त्याच्या मांडीवरून उचलला, बोटांनी चाचपला आणि मान हलवली. "पुतण्याचं मनगट सुजलंय. सर्वांत लहान ढोल आज तू घे."

एव्हेलिओनं लहान ढोल मांडीवर घेतला आणि उत्सव सुरू झाला. दोनच बोलांचा ठेका होता, तोही आत्ता चुकणार असं त्याला प्रत्येक थापेला वाटत होतं. भक्त एकेक करून ढोलांना नमस्कार करायला येऊ लागले. तेओफिलाबाई आल्या, गुडघ्यांवर बसल्या आणि त्यांनी त्याच्या पायांपाशी जमिनीवर कपाळ टेकवलं.

कचेरीत ज्यांच्या टेबलापुढं मान वर करायची त्याची छाती होत नसे, त्याच बाईंचा अंबाडा आता त्याच्या बुटांसमोर होता. एव्हेलिओचे हात पळू लागले.

"सोमवारी कुणी विचारलं, तर बैठक फार लांबली," खालून हळू आवाज आला.

"हो बाई."

"आणि जरा सावकाश वाजवा. देवाला बस पकडायची नाहीये."