खासबागेतली वकिलात

आमच्या गल्लीत मराठी आणि कन्नड माणसाचं भांडण लागलं, की मारुतीआप्पा आपले माग बंद करून येतात आणि मध्ये उभं राहून भाषांतर करतात. खरं तर सीमेवरच्या आमच्या खासबागेत दोन्ही भाषा सगळ्यांना येतात. भांडताना ज्याला त्याला आपली सोयीची वाटते, एवढंच.

मागे एकदा नळाच्या पाळीवरून शेजारच्या बसण्णांनी माझ्या बाबांच्या सात पिढ्यांचा कन्नडमध्ये उद्धार केला. आप्पा गंभीरपणे म्हणाले, "बसण्णा म्हणतोय, तुमचं घराणं लई जुनं हाय." बाबांना शब्द न् शब्द कळला होता. तरी ते गोंधळले, मग हसले. बसण्णाही हसले. पाणी तोवर गेलं होतं.

मी आमच्या घरातली कॉलेजला गेलेली पहिलीच. इतिहासाच्या सेमिनारला मला अमेरिकेच्या सुरुवातीच्या काळातल्या एका लोकप्रतिनिधीचं चरित्र आलं. पुढे तो राजदूत झाला. पुस्तक जाड आणि इंग्रजी. घरात समजावून सांगणारं कुणी नाही, म्हणून लाईट जाऊन माग थांबले, की मी आप्पांना त्याची गोष्ट सांगत बसायचे. सांगितलं की आपल्यालाच नीट कळतं, असं मला वाटायचं. झालं उलटंच.

"निवडून आलता म्हणतीस, मग वर्षानुवर्षं परदेशात कसा?" आप्पा विचारायचे. "त्येच्या वॉर्डातल्या गटारी कोण बघत होतं?"

मी पुस्तकात शोधलं. गटारी नव्हत्या. त्यानं दुसऱ्या देशाशी तह केला म्हटल्यावर आप्पांनी विचारलं, दोघांत फसलं कोण? मी सरांना विचारलं. सर म्हणाले, हे परीक्षेला नाही. आप्पा मात्र त्या माणसाला 'आपला वकील' म्हणायला लागले. दोन दरबारांत बोलणी करणारा तो वकील, म्हणजे आपल्याच धंद्यातला, असं त्यांचं म्हणणं.

एका प्रकरणात होतं, की हा माणूस थोरल्या मुलीशी भांडून जहाजावर चढला आणि बऱ्याच वर्षांनी परतला. ते ऐकल्यापासून आप्पांनी तहाचा नाद सोडला. रोज एकच प्रश्न.

"घरात शिरल्यावर पोरीसंगं पयलं काय बोलला गं?"

लिहिलंच नव्हतं. तहाला अख्खं प्रकरण आणि घरी येण्याला एक ओळ.

आप्पा हे का विचारतात, ते सगळ्या गल्लीला ठाऊक होतं. त्यांच्या मुलीनं, सविताअक्कानं, गोकाकच्या कन्नड मुलाशी लग्न केलं, तेव्हा त्यांनी दारात उभं राहून सांगितलं होतं, की ही पायरी परत चढायची नाही. ते वाक्य मऊ करून सांगायला मध्ये कुणी नव्हतं. आता अक्कानं आपल्या आईला, म्हणजे काकूंना, फोन केला होता. रविवारी येते, आप्पांनी आत घेतलं तर राहीन, नाहीतर पुन्हा कधी येणार नाही.

"अमेरिकेला इचारून पोरगीला आत घेणार व्हय?" काकू म्हणाल्या.

आप्पांनी मला दुसरं पुस्तक बघायला सांगितलं. मी लायब्ररीत बघितलं. त्यातही काही नव्हतं. हे त्यांना सांगताना मला उगाच अपराध्यासारखं वाटलं.

रविवारी अक्का आली. सोबत नवरा आणि लहान मुलगी. आप्पा इस्त्रीचा सदरा घालून उंबऱ्यावर उभे. मी पायरीजवळ होते, म्हणून अक्का माझ्याकडे बघून म्हणाली, "इचार त्येंना, आत येऊ का हितनंच जाऊ?"

मी आप्पांकडे वळले. "आप्पा, अक्का विचारतेय की..."

"ऐकलं," आप्पा म्हणाले. "तेवढं मराठी येतं मला."

पुढचं वाक्य येईल म्हणून आम्ही थांबलो. त्यांनी दोनदा तोंड उघडलं आणि मिटलं. भाषांतर करायलासुद्धा काही शब्द लागतात, ते मला तेव्हा कळलं.

"यारु?" छोटीनं आईला कन्नडमध्ये विचारलं. कोण हे?

"अज्जा," अक्का म्हणाली. आजोबा.

आप्पा पायरी उतरले, नातीसमोर खाली बसले आणि तिच्या चपलेचा पट्टा सोडवायला लागले. सुताची गाठ डोळे मिटून मारणारी त्यांची बोटं, पण पट्टा काही सुटेना. अक्का बघत राहिली. मग तीही शेजारी बसली आणि दुसऱ्या पायातली चप्पल काढायला लागली.