तुळशीचा आइतवार

इंद्रभानने आयुष्यात एक नियम कधी मोडला नव्हता. वावरातली जी वस्तू उचलता येते, ती संध्याकाळी घरी आली पाहिजे. पाइप, केबल, विळा, एवढंच काय, बुजगावण्याचा चांगला शर्टही तो दिवस मावळताना काढून आणी. त्यामुळे पिंपळगाव राजातल्या त्याच्या हरभऱ्यात ओल मोजणारं परदेशी यंत्र बसलं, तेव्हा तेही रोज पिशवीतून घरी येऊ लागलं, यात नवल नव्हतं.

यंत्र म्हणजे हातभर लांबीचं काळं दांडकं. जमिनीत खुपसलं की माती ओली की कोरडी हे त्याला कळे. कोरडी असली तर ते लांबूनच सौर पंप सुरू करी, ओली झाली की बंद करी, आणि दोन्ही वेळा, शिवाय पंप चालू असेतो दर अर्ध्या तासाला, इंद्रभानच्या मोबाइलवर निरोप धाडी. बसवायला आलेल्या हरिओम साहेबांनी बजावलं होतं, "याला मातीबाहेर उघडं ठेवू नका, बिघडेल." ते वावरातून हलवूच नका, हे सांगायचं मात्र त्यांच्या मनातही आलं नाही. आणि घरी माती कुठली, हा प्रश्न इंद्रभानला पडला नाही, कारण अंगणात तुळस होती. रात्री दांडकं तुळशीत, सकाळी सातला परत हरभऱ्यात, असं महिनाभर झकास चाललं.

सोमवारी साहेब पाहणीला येणार होते. हरभरा चांगला दिसला तर यंत्र कायमचं इंद्रभानचं, नाहीतर ते योजनेच्या यादीतल्या दुसऱ्या नावाकडे, म्हणजे शेजारच्या पुंजाजीकडे जाणार होतं. पुंजाजीचं घरही शेजारी आणि वावरही. त्याच्या विहिरीनं तळ गाठला होता आणि गहू ऐन ओंब्यांवर पाण्यासाठी खोळंबला होता. पण इंद्रभानने पहिल्याच दिवशी त्याला ऐकवलं होतं, "पाहाचं ते लांबून पाह्य. मशीनले हात लावला त याद राख." तेव्हापासून दोघांत बोलणं कामापुरतंच उरलं होतं.

आणि नेमकं आदल्या दिवशी, रविवारी, चिखलीला लग्न निघालं. त्याच्या बायकोच्या, सत्यभामाबाईंच्या भाचीचं, करिष्माचं. टाळायची सोय नव्हती. पहाटेपासून अशी धांदल उडाली की इंद्रभानने धोतर दोनदा नेसलं आणि दांडकं एकदाही आठवलं नाही.

खामगावला एसटी बदलली तेव्हा ऊन वर आलं होतं. मोबाइल वाजला. "जमीन कोरडी. पंप सुरू." इंद्रभानची छाती फुगली. शेजारच्या अनोळखी प्रवाशाला त्याने मोबाइल दाखवला.

"पाहा. मी एसटीत, न् पंप वावरात चालू."

"मंग तुमाले घरी काऊन ठेवावं?" प्रवासी म्हणाला.

एरवी अर्ध्या तासात "जमीन ओली" असा निरोप येई. चिखली आली, अक्षता पडल्या, तरी दर अर्ध्या तासाला एकच पालुपद, "जमीन कोरडी. पंप सुरू." इंद्रभान मांडवात बसेना, उभाही राहीना. मेव्हण्याने त्याच्या हाती वरणाची बादली देऊन त्याला पंगतीत सोडलं. एका पाहुण्याच्या पत्रावळीवर तो वरण वाढत होता, तेवढ्यात पुन्हा मोबाइल वाजला.

"बस," पाहुणा म्हणाला. मग म्हणाला, "बस, बस." मग मांडी सोडून उठला, कारण वरण धोतरापर्यंत आलं होतं.

सत्यभामाबाईंनी नवऱ्याला खांबाआड ओढलं. "काय झालं तुमाले?"

"पंप बंद होऊन नाही राह्यला. काय घोळ हाये, समजत नाही."

"होईन कसा? तुमचं दांडकं त तुळशीतच होतं सकाळी. मले वाटलं, आज त्यालेबी सुट्टी."

इंद्रभानच्या हातून बादली सुटली. "न् तू पाणी नाही घातलं तुळशीले?"

"आज आइतवार हाये," बाई शांतपणे म्हणाल्या. "आइतवारी तुळशीले पाणी घालत असतात काय?"

घाटे भरलेल्या हरभऱ्यात चार तास पाणी. मुळं कुजणार, पीक जागेवर बसणार, आणि उद्या साहेब. पंपाच्या पेटीला कुलूप, त्याची किल्ली इंद्रभानच्या करदोड्याला. उरला एकच माणूस. इंद्रभानने अभिमान गिळून फोन लावला.

"पुंजाजीभाऊ, एक काम होतं. आमच्या तुळशीले तांब्याभर पाणी घाल."

"कोन, इंद्रभान? लग्नाले गेला न् तुळशीची आठवण?"

"तिच्यात मशीन हाये बाप्पा. पाणी पडलं की पंप बंद होते."

"पण आज आइतवार हाये."

"मंग दांडकं उपट न् बादलीत ठेव."

"नाही बा. हात लावला त याद राख, असं तूच म्हणला होता."

"मी आता म्हणून राह्यलो ना, लाव."

"बरं. पण पारोसा हाये मी. तुळशीपाशी आंघोळ करूनच जा लागीन."

फोनमागे पाण्याचा खळखळाट चालला होता. "पाणी कायचं वाजून राह्यलं?" इंद्रभानने विचारलं.

"आंघोळीचंच," पुंजाजी म्हणाला.

ती आंघोळ साडेतीनपर्यंत चालली. मग निरोप आला, "जमीन ओली. पंप बंद." इंद्रभान त्या दिवशी न जेवताच परतला.

सोमवारी तांबडं फुटताच तो दांडकं घेऊन वावरात धावला. हरभरा टणटणीत उभा होता, पायाखालची माती कोरडी. हरभऱ्याच्या अलीकडेच पाण्याचा दांड फोडून, धुऱ्याचा बांध कापून, सगळं पाणी पलीकडच्या गव्हात वळवलेलं होतं. गहू ओलाचिंब, आणि बांधावर पुंजाजी दातण करत उभा. इंद्रभानला संताप आला, हायसं वाटलं, आणि आधी कोणतं दाखवावं ते समजेना. त्याने शिवी तोंडाशी आणली, तोच साहेबांची जीप थांबली.

हरिओम साहेबांनी नोंदी पाहिल्या. "काल सहा तास पंप चालला, आणि हरभऱ्यात थेंब नाही?"

इंद्रभान दांडक्याची माती झाडू लागला. तुळशीचं सांगावं तर यंत्र गेलं. पुंजाजी मात्र पुढे झाला.

"साहेब, मशीन लय हुशार हाये. हरभऱ्याले नको होतं, गव्हाले पाहिजे होतं. बरोबर तिकडं गेलं पाणी. ते इंद्रभानकडंच राहू द्या."

साहेबांनी ते वहीत लिहून घेतलं. यंत्र इंद्रभानचं झालं.

संध्याकाळी तो दांडकं तुळशीत खुपसत होता, तेव्हा पुंजाजी लग्नपत्रिका घेऊन अंगणात आला.

"पंधरा दिवसांनी आइतवारी बीबी गावाले माह्या मावसभावाच्या पोराचं लगन हाये. तुम्ही दोघंही सकाळच्या एसटीनंच निघा."

"न् तू?" इंद्रभानने विचारलं.

"मले कुठं जमते," पुंजाजी म्हणाला. "गव्हाले पाणी द्याचं हाये."