मढ्याचा अंगठा

ओस्वाल्दोंना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते मेलेले होते. ब्रिस्टलमध्ये राहायला येऊन आम्हाला चार दिवस झाले होते. शेजारच्या दारात, रिसायकलिंगच्या खोक्यापाशी, एक पंच्याहत्तरीचा माणूस आडवा पडलेला. डोळे सताड उघडे, जीभ बाहेर. मी घाबरून अॅम्ब्युलन्सला फोन लावणार, तेवढ्यात प्रेत म्हणालं, "विषप्रयोग. कसा वाटला?"

हे ब्राझीलचे नट. भुताखेतांच्या बावीस स्वस्त सिनेमांत त्यांनी कामं केली आणि बावीसही वेळा मेले, बहुधा पहिल्या दहा मिनिटांत. वटवाघूळ, मगर, सासू, एकदा तर चक्क फ्रीजने त्यांना खाल्लं होतं. "हीरो शेवटी मरतो, प्रोफेसर," ते मला सांगत, "तोवर निम्मे लोक उठून गेलेले असतात. मी मरतो तेव्हा थिएटर भरलेलं असतं!" मी प्रोफेसर नाही, विमानांचे पंख तपासतो. पण त्यांनी माझी पुस्तकांची कपाटं पाहिली होती, आणि दुरुस्ती त्यांना चालत नसे.

रविवारी ते डीव्हीडी घेऊन यायचे. सुनीताने, म्हणजे माझ्या बायकोने, केलेली साबुदाण्याची खिचडी पुढ्यात आली, की साबुदाणा ज्या कंदाचा करतात तो मूळचा आमच्या ब्राझीलचा, असं बजावून दुसऱ्यांदा वाढून घ्यायचे.

एकदा सुनीता ओरडली, "अहो, थांबवा! मढ्याचा अंगठा हलतोय!"

खरंच. मगरीने कमरेपर्यंत गिळलं तरी बाहेर उरलेल्या डाव्या पायाचा अंगठा दोनदा हलला. मग आम्ही बाकीचे सिनेमे तपासले. अगदी पहिला सोडला, तर सगळीकडे तेच.

"काका, बावीस वेळा मेलात, आणि धड मरता आलं ते एकदाच?" सुनीताने विचारलं.

ते हसले नाहीत. "त्यापायी माझी कामं गेली. डायरेक्टर ओरडायचे, याचा पाय कापा!" खिचडीतली मिरची बाजूला काढत ते म्हणाले, "लूसिया पाच वर्षांची असताना तिने मला त्या पहिल्या सिनेमात पडद्यावर मरताना पाहिलं. मी शेजारीच बसलो होतो, तरी दोन दिवस माझा हात सोडेना. मग आमचं ठरलं. अंगठा दोनदा हलला, की बाबा जिवंत."

ही लूसिया त्यांची एकुलती एक मुलगी, ग्लासगोत नर्स. तिच्यापायीच ते या देशात आले, आणि तिथल्या थंडीला घाबरून आमच्या शेजारी.

गेल्या महिन्यात ओस्वाल्दो खरोखर गेले. भरदुपारी, खुर्चीत, डोळे मिटून. त्यांच्या लेखी अगदीच कच्चं काम.

लूसिया आली. पन्नाशीची बाई, मरणारी माणसं रोज पाहणारी. मी तिला अंत्यसंस्कारवाल्यांकडे घेऊन गेलो. तिथल्या शांत खोलीत तिने वडिलांच्या चेहऱ्याकडे पाहिलंच नाही. थेट पायाशी गेली, चादर सारली, डावा मोजा काढला आणि खुर्ची ओढून बसली.

तिथला माणूस दोनदा डोकावून गेला. तिसऱ्यांदा आला, तेव्हा मीच त्याला हाताने थांबवलं. मीही अंगठ्याकडेच पाहत होतो.