अंगठे गोळा करणारी सुजाता

आमच्या शेजारची सुजाता भेटली की खुशाली विचारत नाही. "मोठीमाय, अंगठा दाखव," म्हणते. सावकारांचे दिवस गेल्यापासून गावात इतक्या हौसेने अंगठा मागणारी हीच.

ती कलाकार आहे. कागदावर रंगवत नाही; कॉम्प्युटरवर चित्र करते आणि दिव्याच्या यंत्रातून भिंतीवर पाडते. मोठ्या शहरात शिकून आमच्या दवनीवाड्याला परतली तेव्हा लोक म्हणाले, नोकरी गेली वाटते. नोकरी नव्हतीच.

रेशन दुकानातली मशीन आम्हा म्हाताऱ्यांचा अंगठा घेत नाही. जन्मभर चिखलात धान रोवलं, रेषा उरतील कुठून? केसांच्या तेलात घासा, पदराला पुसा, मशीन नाहीच म्हणते. सुजाताला नेमके तेच अंगठे हवेत. भले मोठे करून राइस मिलच्या भिंतीवर दाखवायचे आहेत.

"मशीनले नाही दिसला म्हणजे तो माणूस नाही का?" हे तिचं पालुपद. म्हशीलाही ऐकवते. म्हशीच्या नाकावरही अंगठ्यासारख्या रेषा असतात म्हणून फोटो काढायला गेली. म्हशीने फोन चाटून काढला.

तिने गावभर सांगितलं, रविवारी अंगठे घेऊन या. बायांनी विचार केला, फोटो काढायचा तर अंगठा चांगला पाहिजे. सगळ्यांनी सुना पाठवल्या. एक तर नेलपॉलिश लावून आली.

"मले घासलेले अंगठे पाहिजे!" सुजाता ओरडली. "सासवायले आणा!"

"आमच्या सांगण्यानं सासू कधी हलली का वो?" एक सून म्हणाली.

शेवटी मी गेले, तेव्हा बाकीच्या म्हाताऱ्या आल्या. पुढे तिने सगळे अंगठे घराच्या भिंतीवर पाडून दाखवले. मधली एक चौकट रिकामी होती.

"इथं काऊन काही नाही?" मी विचारलं.

"ते मायची जागा आहे."

तिची माय कुसुम रोवण्यात माझ्या बाजूला असायची. तिलाही मशीन परत पाठवायची. पोरगी शहरातून फोनवर म्हणायची, "अंगठा नीट ठेव न वो माय." मग कुसुम वारली. अंगठ्याचा फोटो कोण काढून ठेवतो?

"हे भरल्याबिगर मी मिलवर काही दाखवत नाही," सुजाता म्हणाली. मिलवाला विचारून थकला. ही हट्टी.

रोवणा लागला आणि एका सकाळी ही शेतात, चिखलाच्या बांदीत हजर. माझ्या बाजूला, कुसुमच्या जागेवर उभी.

"हा रोवणा होय का कोंबडीनं उकरलं?" मी म्हटलं. तिने बांदी सोडली नाही. दुसऱ्या दिवशी आली, तिसऱ्याही. कंबर धरून चालायची, पण यायची.

रोवणा सरत आला तेव्हा दुपारी आम्ही बांदीच्या कडेला, धुऱ्यावर शिदोरी सोडून बसलो. तिने हात धुतले, पुसले आणि फोन उघडायला अंगठा टेकवला. उघडेना. पुन्हा टेकवला. उघडेना. मला वाटलं, आता रडते. ती उठून धुऱ्यावरून ओरडत सुटली, "नाही खुलून राहिला! माया अंगठा नाही घेऊन राहिला!"

बाया जेवण सोडून हसायला लागल्या.

परत येऊन माझ्याजवळ टेकली. "आता मायसारखा झाला न, मोठीमाय?"

मी तिचा हात ओढून पाहिला. चिरा पडलेल्या, कातडी सोललेली. कुसुमसारखा व्हायला जन्म घालवावा लागतो. ते मी बोलले नाही.

"मायच्या वळणावर चालला आहे," मी म्हटलं. "लाव चौकटीत. अन् मिलवाल्याले सांग, आम्ही साऱ्या येऊन राहिलो म्हणून."