गाण्यात 'क' नको

आमच्या शेजारच्या पगारेकाकांना 'क' चालत नाही. म्हणजे बोलताना चालतो, गाण्यात नाही.

काकांचा सारा जन्म अंबडच्या कारखान्यात माल तपासण्यात गेला. त्यामुळे जगात त्यांच्या लेखी दोनच गोष्टी: 'पास' आणि 'रिजेक्ट'. माझा चहा आजवर एकदाही पास झालेला नाही. "रिवर्क करा, ताई," म्हणतात, आणि शेवटच्या थेंबापर्यंत पितात!

त्यांची नात प्रज्ञा पहिलीत. तिच्या वर्गाला गॅदरिंगसाठी गाणं हवं होतं, ते काकांनी अंगावर घेतलं. झालं! रोज सकाळी स्वारी माझ्या ओट्यावर हजर. मी शाळेत मराठी शिकवायचे ना, त्याची ही शिक्षा.

"ताई, 'कोकरू मारी उड्या' रिजेक्ट. कोकरू नको."

"मग कासव घ्या."

"नको."

"कोंबडी?"

"ताई, खोकं बदलून तोच माल पाठवताय तुम्ही!"

शेवटी गाण्यात ससा, मोर आणि एक मांजर एवढेच शिल्लक राहिले. चालही लंगडायला लागली. माझं डोकं सटकलं. "अहो काका, 'क'नं तुमचं काय घोडं मारलंय?"

काका हळूच म्हणाले, "प्रज्ञा 'क'ला अडखळते, ताई. पोरं हसतात. मागच्या वर्षी बालवाडीच्या गॅदरिंगला रडत खाली उतरली स्टेजवरून. यंदा नको तसं."

मला अगदी गलबलून आलं. तेवढ्यात प्रज्ञाच आजोबांना शोधत आली. गाण्याचा कागद बघून म्हणाली, "आबा, यात क-क-कावळा घ्या ना! मला तोच आवडतो."

दुसऱ्या दिवसापासून काका फिरकलेच नाहीत. मला चहा गोड लागेना.

गॅदरिंगला मात्र त्यांनी माझी खुर्ची धरून ठेवली होती. पडदा वर गेला आणि अख्खी पहिली एका सुरात सुरू झाली:

"क-क-क-क कावळा आला,
क-क-क-क काय म्हणाला?"

सगळा वर्ग अडखळत होता! पुढे प्रज्ञा, अडायचं तेवढं खुशाल अडत, सगळ्यांपेक्षा मोठ्यानं गात होती. तिला हसायला कुणाचं तोंड रिकामंच नव्हतं.

माझ्या शेजारी काकाही पोरांबरोबर अडखळत होते, आणि डोळ्यांतलं पाणी पुसायचं त्यांना भानच नव्हतं.