टाकीचे तीन धर्मबाप

नवऱ्याने, पोलिकार्पोने, वाईनच्या नव्या टाकीला एक नाही, तीन धर्मबाप ठरवलेत, हे सेनोबियाला कळलं तेव्हा ती कोंबडी कापत होती. तिने सुरी खाली ठेवली नाही.

"तीन? अरे, पोटच्या पोराला एक पुरतो. तुझ्या पत्र्याच्या डब्याला तीन लागतात?"

"पत्रा नाही, स्टील आहे," पोलिकार्पो म्हणाला. मग सुरीकडे बघून दाराकडे सरकला.

आता सिंतीच्या खोऱ्यात घरात नवी वस्तू आली की बाप्तिस्म्याच्या पोरासारखा तिलाही धर्मबाप लागतो, याबद्दल सेनोबियाची तक्रार नव्हती. गाडी असो, पंप असो, नाहीतर घरावरचं छप्पर असो, धर्मबापाने यावं, वस्तूला रंगीत कागदाच्या माळा घालाव्यात, धरणीआईला म्हणजे पाचामामाला चार थेंब शिंपडावेत आणि मग सगळ्यांनी प्यावं. पण पोलिकार्पोला दोन पेले पोटात गेले की समोर बसलेला माणूस सख्ख्या भावासारखा वाटायला लागतो. असं तीनदा झालं होतं, तीन वेगवेगळ्या अंगणांत. आणि एकदा दिलेला मान परत मागायची सोय नाही. सातुर्निनो, बेनिग्नो आणि हिलारियो, हे तिघेही वाईन करणारे शेजारी रविवारी बायकापोरांसकट टपकणार होते.

सोमवारी वाईन चाखायला परीक्षक येणार होते. सेनोबियाचा जीव टांगणीला लागला होता तो त्यासाठी. गेल्या काही वर्षांत खोऱ्यात वाईनचं नुसतं पेव फुटलं होतं. ज्यांचे बाप खेचरावर बुधले लादून खाणीतल्या लोकांना आंबट वाईन विकायचे, ते आता लांब दांड्याच्या पेल्यात नाक खुपसून बोलायला लागले होते. शहरातून पाहुण्यांची बस यायची, पण ज्याच्या फाटकावर खोऱ्याच्या वाईन समितीची पाटी असेल तिथेच थांबायची. पाटी होती सातुर्निनोकडे. बस सेनोबियाच्या दारावरून धूळ उडवत जायची, आणि ती धूळ पुसता पुसता सेनोबिया ड्रायव्हरपासून समितीच्या अध्यक्षापर्यंत सगळ्यांचा उद्धार करायची.

सातुर्निनोच्या वेली तारांवर होत्या, शाळेतल्या पोरांसारख्या रांगेत. सेनोबियाच्या वेली तिच्या आईने मोयेच्या झाडांवर चढवलेल्या, जुन्या पद्धतीच्या. द्राक्षं काढायला शिडी लावून झाडावर चढावं लागायचं, आणि या वयात ती चढायची, कारण पोलिकार्पोला उंचीवर गरगरतं. यंदा त्या वेलींनी एक पिंप वाईन दिली होती, आणि तिच्या जन्मात तिने अशी वाईन केली नव्हती. पण समितीचे नियम सरळ का असतील? लाकडी पिंप चालणार नाही, स्टीलची टाकी हवी. नुसती बाटली दाखवून भागणार नाही, टाकी भरलेली हवी, म्हणजे बसमधले लोक कोरड्या घशाने परत जायला नकोत. म्हणून टाकी आली. सेनोबियाचा बेत असा होता की रविवारी पाहुण्यांना रोजची वाईन पाजून वाटेला लावायचं, आणि मग आपल्या हाताने पिंपातली वाईन टाकीत घालायची.

रविवारी तिघे आले ते वाजंत्री घेऊनच. तिघांनी तीन माळा आणल्या होत्या, आणि आपलीच माळ सर्वांत वर असावी म्हणून शिडीसाठी त्यांची ओढाताण झाली. टाकी अजून कोरडी होती, पण सातुर्निनो सेनोबियाला आतापासूनच कोमाद्रे म्हणायला लागला होता, धर्मबापाने पोराच्या आईला म्हणावं तसं; आईने उलट त्याला कोम्पाद्रे म्हणायचं. पेला फिरायला लागला. तिकडचा नियम असा की पेला एकच, आणि पिणाऱ्याने पिऊन झाल्यावर दुसऱ्याकडे बोट दाखवून म्हणायचं, मी प्यालो, आता तू बांधील. ज्याच्याकडे बोट त्याने प्यायलंच पाहिजे. नाही म्हणणं म्हणजे त्या घराच्या तोंडावर थुंकणं. तीन धर्मबापांनी एकमेकांना असं काही बांधलं की रोजची वाईन बघता बघता तळाला गेली. सेनोबिया दात ओठ खात स्वयंपाकघरात रस्सा ढवळत होती.

तेवढ्यात सातुर्निनोच्या डोक्यात शंका आली. त्याने टाकीवर टिचकी मारली, आवाज ऐकला आणि मान हलवली. कोरड्या टाकीवर शिंपण केलं तर टाकी जन्मभर कोरडी राहते, असं त्याचं म्हणणं पडलं. बेनिग्नोने आपल्या आजोबांच्या एका हौदाचं उदाहरण दिलं. हिलारियोला काही सुचलं नाही म्हणून त्याने टोपी काढली. पोलिकार्पो तर आधीच विरघळला होता. वाईन शेवटी टाकीतच जायची आहे, आज काय नि उद्या काय, असा विचार करून त्याने बायकोला न विचारता पिंपाला नळी लावली.

टाकीची खालची तोटी त्याने स्वतःच सकाळी टाकी धुतल्यावर उघडी ठेवली होती, आतून वाळावी म्हणून. तोटी भिंतीच्या बाजूला होती. वरून वाईन आत जात होती, मागून बाहेर पडत होती, आणि वाजंत्री जोरात चालू होती.

चिखल आधी दिसला तो बेनिग्नोला, आपल्याच बुटाला लागलेला. मग सगळ्यांना दिसला. टाकीच्या मागून निघालेली लाल वाईन अंगणातून वाहत मोयेच्या बुंध्याशी जाऊन जमिनीत मुरत होती. पोलिकार्पोला सगळं लख्ख कळलं आणि तो तोटीकडे वळलाही. पण त्याच क्षणी सातुर्निनोने टोपी काढली आणि छातीशी धरली.

"आम्ही सगळे चार थेंब शिंपडतो," तो भरल्या आवाजात म्हणाला. "धरणीआईला पोटभर पाजणारा माणूस मी आज पाहिला."

वाजंत्री थांबली. हिलारियोच्या डोळ्यांत पाणी आलं. ज्या सातुर्निनोने पाटी मिळाल्यापासून पोलिकार्पोला धड ओळखही दिली नव्हती, तो आज त्याच्यासमोर बोडका उभा होता. निम्मी वाईन अजून वाचली असती. नुसतं खाली वाकून तोटी फिरवायची होती. पण पोलिकार्पोने टोपी काढली, आभाळाकडे बघितलं आणि तो तसाच उभा राहिला.

सेनोबिया रश्शाचं पातेलं घेऊन बाहेर आली तेव्हा टाकीतून शेवटचे थेंब पडत होते. सगळे पुरुष टोप्या काढून उभे होते. तिला आधी वाटलं, कुणीतरी मेलं. मग तिने चिखल बघितला, नळी बघितली, रिकामं पिंप बघितलं.

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिने पातेलं खाली ठेवलं, शांतपणे, आणि पोलिकार्पो दोन पावलं मागे सरकला, कारण ती ओरडली असती तर बरं झालं असतं. शिडीवर चढून चढून तिचे गुडघे गेले होते. आईच्या वेलींची सगळी वाईन त्या झाडाच्या मुळाशी गेली होती, आणि उद्या परीक्षक येणार होते. तिला रडू येत होतं. पण या चौघांसमोर रडायचं म्हणजे यांना अजून एकदा टोप्या काढायला निमित्त.

ती आत गेली, सिंगानीची बाटली घेऊन आली. सिंगानी म्हणजे द्राक्षाची कडक दारू, घसा जाळणारी. तिने पेला भरला, दोन थेंब जमिनीवर टाकले, म्हणजे टाकायचे म्हणून टाकले, आणि पेला एका दमात रिकामा केला.

"सातुर्निनो कोम्पाद्रे," ती म्हणाली. "मी प्याले. आता तुम्ही बांधील."

सातुर्निनोने हसत पेल्यासाठी हात पुढे केला.

"प्यायला नाही. भरायला. तुमचं धर्मपोर उपाशी आहे. पोट रिकामं आहे त्याचं. बाप आहात ना?"

सातुर्निनोचं हसू जागच्या जागी वाळलं. तो म्हणाला की त्याची वाईन समितीसाठी ठेवलेली आहे. सेनोबियाने दुसरा पेला भरला आणि बेनिग्नोला बांधलं, तिसरा भरला आणि हिलारियोला. त्यांच्या बायका बघत होत्या. वाजंत्रीवाले बघत होते, आणि वाजंत्रीवाले दुसऱ्या दिवशी गावच्या कारभाऱ्याच्या लग्नात वाजवणार होते, म्हणजे ही गोष्ट खोरंभर होणार होती. नाही म्हणायची कुणाची छाती झाली नाही. अंधार पडायच्या आत तिन्ही घरांची उत्तम वाईन, तारांवरची नि झाडांवरची, जुनी नि नवी, बादल्यांनी टाकीत आली. या वेळी तोटीपाशी सेनोबिया स्वतः बसली होती.

पाहुणे गेल्यावर तिने तोटीखाली पेला धरला. चाखली. पुन्हा चाखली. मग पेला दाणकन खाली ठेवला. पोलिकार्पोने दुरूनच विचारलं, कशी आहे.

"गप्प बस," ती म्हणाली.

ती तिच्या वाईनपेक्षा चांगली होती. दिवसभरातल्या सगळ्या अपमानांत तिला सर्वांत जास्त राग याचा आला.

सोमवारी परीक्षक बाईंनी पेला उजेडात धरला, घोट घेतला, आणि थुंकायला शेजारी ठेवलेल्या बादलीकडे पाहिलंसुद्धा नाही. ही कुणाच्या वेलींची, असं त्यांनी विचारलं. तिन्ही धर्मबाप फाटकाशी उभे होते, आणि सांगायला त्यांची जीभ वळवळत होती. पण सांगायचं तर ती या टाकीत कशी आली तेही सांगावं लागलं असतं. सेनोबिया म्हणाली, घरच्यांची आहे. पाटी तिला मिळाली. बाईंनी निघताना तेवढं बजावलं की पाटी वर्षापुरती आहे. पुढच्या वर्षी अशीच वाईन, हीच चव, नाहीतर पाटी परत जाईल.

सातुर्निनोकडे समितीला चाखवायला चांगली वाईनच उरली नव्हती, म्हणून त्याची पाटी गेली. त्या वर्षी बस तिच्या दारात थांबली आणि सातुर्निनोच्या दारावरून पुढे गेली. सातुर्निनोने तिच्याशी बोलणं टाकलं, आणि तिनेही त्याची मनधरणी केली नाही. पुढच्या हंगामात द्राक्षं पिकली. सेनोबियाने आपल्या वेलींची वाईन केली, चाखली, आणि एक अख्खा आठवडा घरात भांडी आपटली. मग रविवारचा झगा चढवला, कोंबडीचा रस्सा डब्यात भरला आणि दात आवळून सातुर्निनोच्या फाटकाशी जाऊन उभी राहिली.

तो बाहेर आला. टोपी त्याने काढली नाही.

"काय काम काढलंत?"

सेनोबियाला काय काय म्हणावंसं वाटलं, ते सगळं तिने गिळलं. गिळताना घसा सिंगानीपेक्षा जास्त जळला.

"काही नाही, कोम्पाद्रे," ती म्हणाली. "तुमचं पोर तुमची आठवण काढतंय."