सेवंता उर्फ सुनंदा

पिपरी मेघेत आमच्या शेजारी सुनंदाबाई राहतात. त्यांच्या दारावर थाप मारली की आतून आवाज येतो, “कोन पाह्यजे? आमी दोघी आहो.” घरात बाई एकट्याच असतात.

ही दुसरी बाई सरकारने त्यांच्या घरात घातली. माहेरी, केळझरला, त्या सेवंता होत्या. लग्नात नवऱ्याने ताटातल्या तांदळावर अंगठीने ‘सुनंदा’ लिहिलं आणि सेवंता संपली. पुढे वडील महादेव बावणे वारले. त्यांच्या वांग्याच्या वावराच्या सातबाऱ्यावर वारस म्हणून नाव लावायला बाईंनी अर्ज केला. शाळेच्या दाखल्यावर सेवंता, आधारवर सुनंदा. तलाठ्याने लेखी कळवलं, दोन्ही महिला एकच असल्याचा पुरावा जोडावा.

“पुरावा काय जोडू?” बाई माझ्यावरच तडकल्या. “काटा एकीले रुतते अन् बोंबलतो दोघी.”

मी जन्मभर कारकुनी केलेला माणूस. त्रुटी काढण्यात माझा हात कुणी धरला नाही. मी शहाणपणा शिकवला, “वावर भाऊच कसतो, तुम्हाला वाटाही नको. मग कशाला या भानगडीत पडता?”

“वाटा नाई, नाव पाह्यजे. बापाले दोन लेकरं होते. कागदावर एकच काऊन?”

तलाठ्याने सोपी वाट दाखवली. जुनं नाव सोडल्याचं प्रतिज्ञापत्र द्या, नुसतं सुनंदा लावतो. बाई म्हणाल्या, “माहा बाप सेवंताचा होता, साहेब. सुनंदा त्याले मांडवात भेटली.”

मग खेटे सुरू झाले. ऑफिसात बाई दोन खुर्च्या अडवायच्या, एक स्वतःला, एक पिशवीला. शिपायाने पिशवी उचलायला सांगितली तर म्हणाल्या, “राहू द्या. तिथं सेवंता बसून राह्यली.”

वर्षभराने भावानेच येऊन जबाब दिला. “हे माही ताईच आहे. लहानपनी मले कडेवर घेऊन बोरं चोराले जाये.” तलाठ्याने बोरं वगळून बाकीचं लिहून घेतलं.

नोंद झाली. बाईंच्या हट्टाने सेवंता आधी, मग उर्फ. उतारा घ्यायला मी सोबत गेलो. शिपायाने पुकारलं, “सेवंता महादेव बावणे.”

बाई जागच्या हलल्या नाहीत.

“अहो, तुम्हालाच बोलावतात,” मी म्हणालो.

“आलं ऐकू,” त्या हळूच म्हणाल्या. “अजून एकदा बोलावू द्या, भाऊ. बाबा गेल्यापासून या नावानं मले कोनी हाकच नाई मारली.”

मी उठलो आणि शिपायाला सांगितलं, नाव नीट ऐकू आलं नाही, जरा मोठ्याने पुकारा.